बिनधुराचा ऊद

तनुजाने पाठवलेला व्हिडिओ मी सोनूला पाजता पाजता, आवाज बंद करून बघितला. कुठल्यातरी थंडीच्या देशातलं स्वयंपाकघर. बाहेर बर्फ पडतंय आणि आत एक बाई पातेलंभर पाण्यात संत्र्याच्या चकत्या, दालचिनी, लवंगा सोडतेय. गॅस अगदी बारीक. पाण्याला खळखळून उकळी नाही, नुसतं ते थरथरतंय. त्या वाफेने म्हणे घरभर सणाचा वास दरवळतो. धूर नाही, राख नाही.

"ते लोक नाताळला करतात, तू दिवाळीला कर," तनुजाने खाली लिहिलं होतं. "नाहीतरी तुझ्याकडे उदबत्तीसुद्धा बंद आहे."

तनुजा आणि मी एकाच कंपनीत, स्टोअरला. माझी रजा चालू आहे म्हणून ती मला असं काहीबाही पाठवत असते. बाकीचं मी बघते आणि विसरते. हा व्हिडिओ मी चार वेळा बघितला. मला वासाची हौस नव्हती. मला आई परत घरात हव्या होत्या.

आई म्हणजे माझ्या सासूबाई, तानुबाई. आमचं मूळ घर कुरुळीचं. गावाच्या चारी बाजूंना आता कंपन्या आहेत, पण थोरले दीर धनेशभाऊजी अजून थोडी शेती करतात आणि आई त्यांच्याकडे असतात. माझा नवरा शेखर महाळुंग्याला कामाला जातो, माझी कंपनी चिंचवडला, म्हणून आम्ही थेरगावात, डांगे चौकाच्या मागे दोन खोल्यांत राहतो.

माझं माहेर लातूरकडचं. माझी आई लग्नाआधीच वारली, त्यामुळे बाळंतपणाला माहेरी जायचा प्रश्नच नव्हता. सोनू झाली त्या दिवशी दवाखान्यात मी रडत होते, तर सासूबाई म्हणाल्या, "कशापायी रडती गं? मी काय मेली हाय व्हय?" आणि कपड्यांची एक पिशवी घेऊन थेरगावात आल्या, त्या चार महिने राहिल्या. त्या चार महिन्यांत मला कुणी उपाशी ठेवलं नाही की उठवलं नाही. सोनू रडली की त्याच उठायच्या. मी धडपडले तर म्हणायच्या, "पड तू. दूध लागलं तर हाक मारीन. पोरगी माझी बी हाय." माझ्या पाठीला तेल लावताना त्या कधी बोलत नसत. त्यांचे खरखरीत हात आणि ते तेल, एवढंच. मला वाटायचं, हे मला आधी का नव्हतं मिळालं.

आणि रोज अंघोळीनंतर धुरी. लोखंडी शेगडीत निखारे, त्यावर ओवा, वावडिंग, लसणाची सालं. आधी मला शेक, मग सोनूला पायांवर आडवी घेऊन तिच्या अंगाला जरासा. त्यांचा नियम पक्का होता. खिडकी सताड उघडी. "धुरी अंगाला द्यायची, नाकाला न्हाई," असं त्या रोज म्हणायच्या आणि रोज आधी खिडकी बघायच्या.

जुलैमध्ये आमच्या गल्लीत ड्रेनेजचं काम निघालं. खिडकीखालीच खणलं होतं आणि असा वास, की खिडकीशी उभं राहवेना. त्या दिवशी आई खाली बसून सोनूला धुरी देत होत्या. त्यांची पाठ खिडकीकडे. मी अर्धवट झोपेत आत आले, वास आला, काच सरकवून लावली आणि परत जाऊन आडवी झाले. एवढंच. दहा सेकंदांचं काम.

अर्ध्या तासाने सोनूचा श्वास शिट्टीसारखा वाजायला लागला.

दवाखान्यात तीन दिवस काढले. मास्क लावून वाफेचं औषध, इवल्याशा हाताला सुई. डॉक्टर आईंना म्हणाले, "आजी, बंद खोलीत धूर? चार महिन्यांच्या बाळाला?" आई म्हणाल्या, "खिडकी उघडी हुती, डॉक्टर." ते म्हणाले, "उघडी असती तर बाळ इथे आलं असतं का?" मी शेजारी उभी होते. माझ्या तोंडून शब्द फुटला नाही. सोनू वाचावी एवढंच तेव्हा डोक्यात होतं, असं मी स्वतःला सांगत आले. पण तीन दिवसांनी सोनू हसायला लागली, तेव्हाही मी बोलले नाही.

घरी आलो तेव्हा खिडकी तशीच बंद. आई तिच्यासमोर किती वेळ उभ्या होत्या. मग हळूच म्हणाल्या, "मला वाटलं उघडली हाय. बघितल्यासारखं वाटतंय मला. वय झालं गं, मोनिका. डोकं चालंना."

तेव्हा बोलायचं होतं. मी चहा टाकायला गेले.

दुसऱ्या दिवशी आई कुरुळीला गेल्या. त्यानंतर दोनदा आल्या, तासाभरासाठी. सोनूला लांबूनच टाळ्या वाजवून दाखवल्या. मी तिला मांडीवर द्यायला गेले तर हात मागे घेऊन म्हणाल्या, "नगं बाई. माझ्या हाताचा भरवसा न्हाई." शेखर म्हणायचा, "असू दे, आईला धक्का बसलाय, होईल कमी." त्यालाही मी सांगितलं नव्हतं.

दिवाळीला बोलवायला मी फोन केला तर आई म्हणाल्या, "लक्ष्मीपूजनाला घरात ऊद फिरवायचा असतो गं. चाळीस वर्सं फिरवती मी. सांज झाली की माझा हात आपसूक निखाऱ्याकडं जातो. तुज्याकडं आल्यावर बी जाईल. नगं मला. तुमी तिघं करा."

मग तनुजाचा तो व्हिडिओ आला.

मी आधी सोनूच्या डॉक्टरांना विचारून घेतलं. ते म्हणाले, साध्या पाण्याची वाफ आहे ना, मग दारं-खिडक्या उघड्या ठेवून थोडा वेळ चालेल, बाळ लांब ठेवा, खोकलं तर लगेच बंद करा. नंतर मी आईंना फोन केला. धुराशिवाय घरभर फिरवता येईल असा ऊद करणार आहे, तो तुमच्याच हातून फिरला पाहिजे, असं म्हणाले. पलीकडून आधी नुसतं "आं?" आलं. मग "धूर न्हाई मग ऊद कसला?" पण शेखर गाडी घेऊन गेला तर नाही म्हणाल्या नाहीत. दिवा लावून लगेच परत जायचं, या अटीवर.

आदल्या दिवशी सोनूला पोटाशी बांधून मी डांगे चौकातून संत्री आणली. दालचिनी, लवंग घरात होती. शेजारच्या शालनबाईंच्या कुंडीतला गवती चहा त्यांनी मूठभर कापून दिला. "एवढा कशाला? पाहुणे किती यायचेत?" "एकच," मी म्हणाले.

लक्ष्मीपूजनाच्या दिवशी सोनू तीन वाजता झोपली. फटाके सुरू झाले की खिडक्या लावाव्या लागणार, म्हणजे जे काय करायचं ते पाचच्या आत. मी पातेलं चढवलं. जाड बुडाचं एकच आहे माझ्याकडे, चहाचं. संत्र्याची सालं, चार दालचिनीचे तुकडे, लवंगा, गवती चहाची जुडी, थोडं आलं ठेचून. गॅस बारीक केला. दहा मिनिटांत पहिला वास आला आणि मी ओट्याला टेकून उभी राहिले. आमच्या त्या दोन खोल्यांत, जिथे औषधाचा, दुपट्यांचा आणि शेखरच्या डब्याच्या पिशवीचा वास असतो, तिथे काहीतरी उजळल्यासारखं झालं. मी उगाच हसत होते. मग दाराशी रांगोळी काढायला बसले.

मी रांगोळीत असतानाच दोघं जिना चढून आले. आई दारात थबकल्या. हिरवी साडी, हातात करंज्यांचा डबा. शेखर माझ्या रांगोळीवरून उडी मारून थेट आत गेला.

"आई, बस. चहा तयारच आहे बघ, मोनिकाने ठेवलाय."

आता शेखरचं सांगायचं तर शिफ्टवरून आला की स्वतःचा चहा स्वतः करायचा, ही त्याची एकमेव घरकामाची सवय, आणि तिचा त्याला कोण अभिमान. माझं लक्ष आईंकडे. मी त्यांच्या हातातला डबा घेतला, वाकून नमस्कार केला, पाणी देते म्हणाले आणि आत वळले, तर आतून आवाज.

"हे काय झालं? दूध नासकं होतं का गं?"

त्याने चहापूड टाकली होती, साखर टाकली होती, वरून अर्धा लिटर दूध ओतलं होतं. दूध फाटून त्याचे गोळे संत्र्याच्या सालांना चिकटले होते. घरभर दरवळणारा वास नासक्या दुधाचा झाला होता.

"अहो!" मी एवढंच म्हणू शकले.

आई मागून येऊन डोकावल्या. डाव घालून एक साल वर काढलं. "शेखऱ्या, संत्र्याचा चहा कुठं पेलास रं? कंपनीत असला देत्यात?"

"गवती चहा दिसला, आलं दिसलं. चहाच्या पातेल्यात आणखी काय असतं, आई? मला काय स्वप्न पडणार आहे?"

मला हसायला हवं होतं. मी ओट्याशी उभी राहून रडायला लागले, हुंदके देऊन, सोनू रडते तशी. शेखर घाबरला. "अगं, दुधाचं काय एवढं, आणतो मी दुसरं. रडतेस काय?"

"दूध नाही हो. तो आईंचा ऊद होता."

आई पातेल्याकडे बघत राहिल्या. त्यात डाव फिरवला. मग पदर खोचला.

"पुन्यांदा ठेव," त्या म्हणाल्या.

"सालं संपली, आई. संत्री तेवढीच होती."

"ती काय तिथं हायेत की." पूजेच्या ताटात मोसंबी होती, दोन.

"ती देवीची आहेत."

"मग? देवीला सोलून दिली तर तिला काय राग येणार हाय? उलट बरंच हाय, सोलायचा ताप वाचला तिचा." त्यांनी विळीवर मोसंबी सोलली, साल एका लांब पट्टीत. फोडी परत ताटात नीट मांडल्या. "उटणं उरलंय का?"

काष्ठौषधीच्या दुकानातून आणलेली उटण्याची पुडी होती, न कुटलेली. आईंना दळलेलं उटणं चालत नाही, म्हणून मी त्यांच्यासाठी तशीच आणली होती. त्यातला वाळा, नागरमोथा, कपूरकचरी त्यांनी एकेक हुंगून बाजूला काढली. शेखरला पातेलं घासायला लावलं. "चहाचा डाग दिसला तर बघ," असं त्याला दम देऊन सांगितलं. मी पाणी ठेवलं. त्या गॅससमोर उभ्या राहिल्या, वाकून ज्योत बघितली आणि अजून थोडी बारीक केली.

वाफ यायला लागली तशा त्या मागे सरकल्या. "दोरीवरचं पोरीचं धुतलेलं दुपटं आण. पांढरं."

मी आणलं. त्यांनी ते दोन्ही हातांनी ताणून वाफेवर धरलं. बराच वेळ. मग उलटं करून खिडकीच्या उजेडात नेलं, बोट फिरवलं, बोट बघितलं. काजळी नव्हती. फक्त ओलं, आणि वासाचं. पुन्हा धरलं, पुन्हा बघितलं. शेखर काहीतरी बोलणार होता, मी त्याला खुणेने गप्प केलं.

"न्हाई काळं," त्या स्वतःशीच म्हणाल्या. मग माझ्याकडे वळल्या. "खिडकी उघडी हाय का? तू जाऊन बघ. हात लावून बघ. माझ्या बघण्यावर जाऊ नगंस."

खिडकी त्यांच्यासमोर, चार हातांवर होती. पूर्ण उघडी. पडदा हलत होता. त्यांनाही तो दिसत होता. आणि तरी त्या मला विचारत होत्या.

"आई," मी म्हणाले, "त्या दिवशी खिडकी मी लावली होती."

"कुठल्या दिशी?"

"सोनूला त्रास झाला त्या दिवशी. तुम्ही उघडीच ठेवली होती. तुमची पाठ होती. मी आत आले, ड्रेनेजचा वास आला आणि मी लावून गेले. तुम्ही विसरला नव्हता. तुम्ही काही चुकला नव्हता."

शेखर ओट्यापासून पुढे आला. लांब कुठेतरी एक फटाका वाजला.

आई स्टुलावर बसल्या. मांडीवर दुपट्याची घडी घातली, मोडली, पुन्हा घातली. बोलल्या तेव्हा आवाज अगदी खालचा होता.

"चार म्हैने," त्या म्हणाल्या. "चार म्हैने मी गॅस बंद केला का न्हाई म्हणून तीन-तीन डाव उठती. धनेशच्या बायकुला म्हणती, बाई, कुलूप तू बघ. बँकेत सही कराया गेली तर हात थांबला माझा, म्हटलं ह्ये माझंच नाव हाय ना? आन् तू तोंड शिवून बसलीस?"

"हो," मी म्हणाले.

"डॉक्टर मला बोलला तवा तू शेजारी हुतीस."

"हो, आई."

"का गं?"

याचं उत्तर मी चार महिने जुळवत होते. "भीती वाटली. मला वाटलं, मी आईच नाही असं सगळे म्हणतील. मग तुमच्यावर गेलं तेव्हा मी जाऊ दिलं. नंतर रोज वाटायचं सांगावं, आणि रोज ते आणखी जड व्हायचं."

"मोनिका, तू मला तरी..." शेखर म्हणाला.

"तू गप रे," आई त्याच्यावर डाफरल्या. "तू दूध नासव." आणि पुन्हा माझ्याकडे. "आई न्हाईस म्हणं. झोप नसली की बाई आंधळी हुती. मी धनेशला दोन म्हैन्यांचा असताना दुरडीत ठिवून शेतातनं घरी निघाले हुते. उसाच्या बांधावर. निम्म्या वाटेत आठवलं. पण मी घरी येऊन सासूवर न्हाई ढकललं ते! शिव्या खाल्ल्या, जेवले आन् झोपले."

धनेशभाऊजी पंचेचाळीस वर्षांचे आहेत, मिशा आहेत, घरी त्यांना सगळे वचकून असतात. ते दुरडीत. शेखरच्या तोंडून हसू निसटलं. आई हसल्या नाहीत. त्यांचे डोळे भरले होते आणि त्या रागावलेल्याही होत्या, दोन्ही एकाच वेळी. मी त्यांच्या पायांशी खाली बसले होते. त्यांनी मला उठ म्हटलं नाही, पण दूरही सारलं नाही.

आतल्या खोलीत सोनू जागी झाली. आधी एक हुंकार, मग रडणं. सवयीने मी उठायला गेले.

"बस," आई म्हणाल्या.

आत गेल्या. मला फक्त आवाज येत होता. रडणं थांबलं. मग आईंचा वेगळाच, कधी न ऐकलेला बारीक आवाज. "आगं माजे बाय, किती जड झालीस तू. किती जड झालीस."

त्या बाहेर आल्या तेव्हा सोनू त्यांच्या कडेवर होती आणि त्यांच्या गळ्यातल्या माळेचे मणी तोंडात घालायचा प्रयत्न करत होती. चार महिन्यांत ती त्यांना विसरली असेल, अनोळखी म्हणून रडेल, अशी माझी धास्ती होती. ती त्यांच्या मानेत नाक खुपसून बसली.

"भांडं उचल," आई मला म्हणाल्या. "माझ्या हातात पोर हाय. ऊद तू फिरवायचा. मी सांगती तसा. आन् आमच्यापास्नं पाच हात लांब."

मी गॅस बंद केला आणि फडक्याने पातेलं धरलं. त्या सोनूला घेऊन दारात, मोकळ्या हवेत उभ्या राहिल्या आणि तिथून सांगत गेल्या. आधी देवापुढं. मग चुलीपाशी. "अगं, कोपऱ्यात ने, कोपऱ्यात. दळिद्री तिथंच बसती. वाकून." कपाटामागे, पलंगाखाली, न्हाणीत, शेखरच्या कंपनीच्या बुटांपाशी. प्रत्येक कोपऱ्यात मी पातेलं खाली धरायचे आणि वाफ वर यायची, वाळ्याची, मोसंबीची, मातीसारखी आणि गोड. तोंडाने त्या काहीतरी पुटपुटत होत्या, दरवर्षी ऊद फिरवताना पुटपुटतात तेच असेल. मला कधी नीट ऐकू आलं नाही. शेखर मागून खिडक्या मोजून बघत होता, कुणी न सांगता.

सोनू खोकली नाही. मी सबंध वेळ तिच्या छातीकडे बघत होते. आईसुद्धा.

सव्वापाचला फटाके वाढले. आम्ही खिडक्या लावल्या, दिवा लावला, पूजा केली. सोललेल्या मोसंबीचा नैवेद्य झाला. करंज्या खाऊन झाल्यावर शेखर गाडीची किल्ली हातात घेऊन घुटमळला. "आई, तू म्हणाली होतीस दिवा लावून परत. सोडू का कुरुळीला?"

आईंच्या मांडीवर सोनू अर्धवट झोपेत होती. त्यांनी वर बघितलंही नाही.

"सोडतोयस कुठं? धनेशला सांग, माझी चार लुगडी आन् गुडघ्याचं औषध उद्या आणून दे म्हणावं."

"राहतेस?" शेखरने किल्ली परत खिळ्याला अडकवली.

"मग? मला हिचा लई राग आलाय." हनुवटी माझ्या दिशेने. "त्यो काय कुरुळीत बसून निघणार हाय? हितंच ऱ्हाऊन काढावा लागंल."

आणि त्यांनी खरंच काढला. भाऊबीजेपर्यंत त्या माझ्याशी सरळ बोलल्या नाहीत. सोनूच्या तोंडाने बोलायच्या. "तुझ्या आयेला सांग, भात करपलाय." "तुझ्या आयेला म्हणावं, केस किती गळत्यात, तेल लाव म्हणावं." तिसऱ्या दिवशी दुपारी तेलाची वाटी घेऊन माझ्या मागे येऊन बसल्या, माझं डोकं जरा जोरातच मागे ओढलं आणि चोळायला लागल्या. मी डोळे मिटले. त्या काही बोलत नव्हत्या.